झाकणाखालचा नेचा

मुलांनो, विहिरीच्या ओल्या भिंतीला उगवलेला नेचा तुम्ही पाहिला असेल. ना फूल, ना फळ. नुसती कातरल्यासारखी नाजूक पानं! मी पाचवीत असताना आम्ही कोकणातून मुंबईला आलो. येताना विहिरीजवळचा एक नेचा मी डब्यात घालून आणला. चाळीच्या खिडकीत कडक ऊन, धूर आणि धूळ. पंधरा दिवसांत तो वाळला. मला रडूच कोसळलं. वाटलं, आता आपलंही इथं काही खरं नाही.

तेव्हा शेजारच्या काकांनी मला डॉक्टर नथॅनियल वॉर्ड यांची गोष्ट सांगितली. लंडनमधल्या त्यांच्या अंगणात त्यांनी हौसेनं नेचे लावले होते. पण कारखान्यांच्या धुरानं ते मेले. पुढे १८२९ साली त्यांनी एका पतंगाचा कोश ओल्या मातीत ठेवून बाटलीला झाकण लावलं. आणि काय गंमत! मातीतून एक गवताचं पातं आणि एक इवलासा नेचा वर आला. तो होता 'मेल फर्न', म्हणजे 'नर नेचा'. तिकडच्या रानात आणि बागांत वाढणारा, थंडीला दाद न देणारा. नेच्याला बी नसतं बरं का! पानामागच्या तपकिरी ठिपक्यांत धुळीसारखे बीजाणू असतात. त्यातलाच एखादा त्या मातीत आला असणार.

दिवसा मातीतल्या पाण्याची वाफ व्हायची, काचेवर थेंब जमायचे आणि पुन्हा मातीत उतरायचे. वरून पाणी न घालता तो नेचा जवळजवळ चार वर्षं जगला! मग वॉर्डनी काचेच्या पेट्या बनवल्या. अशाच पेट्यांतून १८५०च्या सुमारास चीनमधली चहाची रोपं हिमालयाच्या पायथ्याशी आली.

गणपतीला गावी गेलो, तेव्हा मी दोन नेचे आणले. काकांनी काचेची बरणी दिली. पहिला मी पाणी ओतून ओतून कुजवला. काका म्हणाले, "अरे, माया म्हणजे नुसतं पाणी नव्हे. झाकण लाव, उन्हातून काढ आणि जरा धीर धर."

दुसरा जगला. गोगलगाईसारखं गुंडाळलेलं नवं पान उलगडलं, तेव्हा ते दाखवायला मी अख्ख्या मजल्यावरची पोरं बोलावली. चाळीत मी स्वतःहून कुणाला हाक मारली, ती त्या दिवशी पहिल्यांदा.