सिंदी रेल्वेहून चॅम्पियन बेटापर्यंत

मुलांनो, नागपूरहून वर्ध्याकडे थांबत थांबत जाणाऱ्या गाडीत खिडकीजवळ जागा मिळाली, की स्टेशनांची नावं मोठ्याने वाचायची. अजनी, खापरी, गुमगाव, बुटीबोरी, बोरखेडी... आणि मग येतं आमचं सिंदी. गाव सेलू तालुक्यातलं, जिल्हा वर्धा. आजूबाजूला कपाशी, तूर, सोयाबीन. वर्ध्याला लागून आणखी एक सिंदी आहे, सिंदी मेघे. घोटाळा नको म्हणून आमच्या गावाच्या नावापुढे कंसात 'रेल्वे' लागली. पत्रावर कंस विसरलात, तर पत्र भलतीकडेच जायचं!

आमच्या गावापासून समुद्र शेकडो किलोमीटर दूर. पण गंमत बघा, इथेच 'ड्राय पोर्ट', म्हणजे कोरडं बंदर उभारण्याचं काम २०१७ मध्ये हाती घेतलं गेलं. बंदर आहे, पण पाणी नाही, जहाज नाही. मालाचे मोठमोठे कंटेनर रेल्वेने आणि ट्रकने ये-जा करायचे. आता ज्या गावात समुद्राशिवाय बंदर होऊ शकतं, त्या गावातून बोटीशिवाय बेटावर जायला काय हरकत आहे? चला तर. तिकीट नाही, पिशवी नको. फक्त आई-बाबांची परवानगी आणि घरातला फोन किंवा शाळेतला संगणक हवा. वाटेत दोन स्टेशनं लागतील. तिथे उतरून थोडा सराव करू, मग बेट.

पहिलं स्टेशन : अडथळ्यांची शर्यत

तुम्ही गूगलचं पान उघडता, तेव्हा कधी कधी नावाच्या जागी एखादं चित्र दिसतं. त्याला 'डूडल' म्हणतात. काही डूडल नुसती बघायची असतात, काही खेळायची. २०१२ मध्ये लंडनला ऑलिंपिक भरलं होतं, तेव्हा ऑगस्ट महिन्यात ओळीने चार दिवस खेळायची चार डूडल आली : अडथळ्यांची शर्यत, बास्केटबॉल, होडी आणि फुटबॉल. ही डूडल गूगलच्या संग्रहात ठेवलेली आहेत.

अडथळ्यांच्या शर्यतीत डाव्या-उजव्या बाणाची बटणं आळीपाळीने दाबली की खेळाडू धावतो, आणि लांब पट्टीचं स्पेस बटण दाबलं की उडी मारतो. नवीन मुलं काय करतात? दोन्ही बटणांवर बोटं बडवत सुटतात! खेळाडू सुसाट निघतो आणि पहिल्याच अडथळ्याला धडकतो. इथली युक्ती अशी : आधी ताल धरा. डावं-उजवं, डावं-उजवं, शाळेच्या कवायतीत चालतो तसं. वेग वाढला की अडथळा लवकर जवळ येतो, म्हणून उडीही थोडी आधी मारायची.

बास्केटबॉलमध्ये स्पेस बटण जितका वेळ दाबून धराल, तितका चेंडू लांब जातो. हळूहळू खेळाडू मागे मागे सरकतो. आधीच्या जागेवरून जितकं दाबलं तितकंच पुन्हा दाबलं, तर चेंडू बास्केटच्या अलीकडेच पडणार. जागा बदलली की माप बदललं. आईला विचारा, पाहुणे वाढले की ती भाजीत मीठ तेवढंच घालते का?

खरी अडथळ्यांची शर्यत बघायची असेल, तर बीड जिल्ह्यातल्या मांडव्याच्या अविनाश साबळेची बघा. त्याची शर्यत तीन हजार मीटरची, स्टीपलचेस नावाची. तिच्यात २८ अडथळे आणि ७ वेळा पाण्यावरून उडी. ३० जुलै २०२१ ला टोकियो ऑलिंपिकमध्ये त्याने ८ मिनिटं १८.१२ सेकंदांत ती पूर्ण करून भारताचा नवा विक्रम केला. एवढे सगळे अडथळे कोणी बोटं बडवून पार करू शकेल का? तिथेही आधी ताल, मग वेग.

दुसरं स्टेशन : रातकिड्यांचं क्रिकेट

इंग्रजीत रातकिड्यालाही 'क्रिकेट' म्हणतात. या गमतीवरून २०१७ मध्ये चॅम्पियन्स करंडकाच्या वेळी एक डूडल आलं. त्यात रातकिडे फलंदाजी करतात आणि गोगलगायी गोलंदाजी-क्षेत्ररक्षण करतात. साधं नेटवर्क असलं तरी चटकन उघडावं, म्हणून हा खेळ मुद्दाम हलका बनवला होता. एप्रिल २०२० मध्ये सगळे घरात अडकले होते, तेव्हा गूगलने जुनी आवडती डूडल पुन्हा पहिल्या पानावर आणली. त्यात हे क्रिकेटही होतं.

या खेळात एकच काम : बॅट फिरवायची. पण कधी फिरवायची, यातच सगळं आलं. यष्टी उडाली की डाव संपला.

२०२१ च्या पावसाळ्यातली गोष्ट सांगते. तेव्हा आमची प्राथमिक शाळा बंदच होती. मी चार-पाच मुलांचे छोटे गट करून देवळाच्या मंडपात शिकवत असे. अभ्यास झाला की शेवटी दहा मिनिटं माझ्या फोनवर हे क्रिकेट. फोन एक, मुलं पाच. चिठ्ठ्या टाकून नंबर लावायचे आणि प्रत्येकाला दोन डाव. चौथीतल्या एका मुलीचा नंबर नेहमी शेवटी निघायचा. तिच्या घरी असला फोन नव्हता. बाकीचे खेळायचे तेव्हा ती गप्प बसून बघायची. इतर मुलं ओरडायची, "मार, मार!" ही मात्र ओठातल्या ओठात काहीतरी पुटपुटायची. चौथ्या की पाचव्या दिवशी तिने सगळ्यांच्या दुप्पट धावा काढल्या. मुलं म्हणाली, "मॅडम, हिचं नशीब!" मी तिला विचारलं, "कसं गं जमलं?" तर ती म्हणाली, "मॅडम, सारे पोट्टे बॉल सुटला का दाबते. मी जवळ येऊ देतो. कोणता बॉल हळू येते, कोणता जोरात येते, थे बसून बसून पाहून ठेवलं."

ऐकलंत ना? जिला सगळ्यात कमी खेळायला मिळालं, तिने सगळ्यात जास्त पाहिलं. तिचा नंबर यायच्या आधीच तिचा सराव झाला होता. तेव्हापासून आमच्या गटात नियमच झाला : ज्याची पाळी नाही, त्याने ओरडायचं नाही, बघायचं. आणि डाव संपला की प्रत्येकाने एक गोष्ट सांगायची, 'मी काय पाहिलं.'

शेवटचं स्टेशन : चॅम्पियन बेट

२३ जुलै २०२१. टोकियो ऑलिंपिकचं उद्घाटन. त्याच दिवशी गूगलने आपला तोवरचा सगळ्यात मोठा डूडल-खेळ आणला : 'चॅम्पियन आयलंड गेम्स'. त्यातली चित्रफीत जपानच्या 'स्टुडिओ फोर डिग्री सी' या संस्थेने काढली आहे. आपण असतो लकी नावाचं मांजर. तीन रंगांचं मांजर जपानमध्ये शुभ मानतात बरं का! लकी बोटीतून बेटावर उतरते. बेटावर सात खेळ, सात चॅम्पियन, आणि प्रत्येक चॅम्पियनकडे एक गुंडाळी. साती गुंडाळ्या जिंकायच्या.

बेटावर गेल्यावर आपला संघ निवडायचा : निळा, लाल, पिवळा की हिरवा? निळ्या संघाचं चिन्ह आहे बैल! आमच्या सिंदीची मुलं दुसरा संघ कशाला घेतील? पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी आमच्याकडे तान्हा पोळा असतो. सिंदीच्या तान्ह्या पोळ्यातले मोठमोठे लाकडी नंदी बघायला बाहेरगावचे लोक येतात. लहान मुलं चाकांचे छोटे नंदी सजवून ओढत घरोघर जातात आणि बोजारा मागतात. बैल आमच्या रोजच्या ओळखीचा आहे.

आता एकेका चॅम्पियनला भेटू.

टेबल टेनिसचा चॅम्पियन तेंगू, डोंगरात राहणारा लांब नाकाचा. त्याच्याशी खेळताना चेंडूमागे धावू नका. चेंडू कुठे येणार ते ओळखून तिथे आधी पोचा, आणि मारून झाला की लगेच मधोमध या. कोपऱ्यात रेंगाळलात की दुसरा कोपरा मोकळा पडलाच.

स्केटबोर्डवाला तानुकी हा गोष्टींमध्ये रूपं बदलणारा लबाड प्राणी. इथे वेळ मोजका असतो. पहिला डाव गुणांसाठी खेळूच नका. नुसतं फिरून उड्या मारायच्या जागा हेरून ठेवा. दुसरा डाव खरा.

कडा चढायचा आहे घुबडाच्या राज्यात. इथे नजर पायाशी नको, वर हवी. वरून काय घसरत येतंय ते दिसलं, की बाजूला व्हा आणि मग चढा. दोन क्षण थांबावं लागलं तरी चालेल. खाली पडलात तर त्याहून जास्त वेळ जातो.

किनाऱ्यावरच्या मॅरेथॉनचा चॅम्पियन किजिमुना. हा ओकिनावा बेटांवरच्या गोष्टींतला लाल केसांचा वृक्षदेव. राहतो कुठे, तर वडाच्या जातीच्या झाडात. आपल्याकडे वडावर मुंजा असतो, त्याचा हा लांबचा भाऊच म्हणा! शर्यतीत फक्त समोरच्या अडथळ्याकडे बघू नका, त्याच्या पुढचा कुठे आहे तेही बघा. नाहीतर एक चुकवताना दुसऱ्यावर आदळाल.

रग्बीत शिंगांचे ओनी, म्हणजे राक्षस, अंगावर येतात. आट्यापाट्या खेळलेल्या मुलाला हे सांगायला नको. नऊ पाट्या, प्रत्येक पाटीवर एक पहारेकरी, आणि आपण हूल देऊन पार व्हायचं. पहारेकऱ्याकडे बघत राहिलं की आपण अडकतो. बघायची ती मोकळी जागा. विदर्भातल्या कितीतरी मैदानांवर हा खेळ आजही चालतो. मोठ्यांना विचारा, ते आखून देतील.

तिरंदाजीचा चॅम्पियन योइची. हा मात्र जपानच्या इतिहासातला वीर. ११८५ साली याशिमाच्या लढाईत शत्रूने बोटीवर काठीला पंखा बांधून आव्हान दिलं. योइचीने घोडा पाण्यात घातला आणि हलत्या बोटीवरचा पंखा एका बाणात उडवला, असं सांगतात. खेळातही लक्ष्य हलतं. ते आत्ता जिथे आहे तिथे नाही, तर बाण पोचेल तेव्हा जिथे असेल तिथे नेम धरा. आणि हे आपल्या मातीतही घडलंय. सातारा जिल्ह्यातल्या सरडे गावचा प्रवीण जाधव टोकियोत भारताकडून तिरंदाजी खेळला. घरची परिस्थिती बेताची. त्याच्यातला खेळाडू आधी ओळखला तो त्याच्या जिल्हा परिषद शाळेतल्या शिक्षकांनी. ऑलिंपिकमध्ये लक्ष्य ७० मीटरवर असतं. हे अंतर पटांगणात एकदा मोजून बघाच, म्हणजे कळेल.

शेवटी समुद्रातलं तालावरचं पोहणं. संगीताच्या ठेक्यावर बाण दाबायचे. इथली युक्ती : कान उघडे ठेवा. लेझीम खेळताना हाताकडे कोण बघतं?

या खेळाची चॅम्पियन आहे राजकन्या ओतोहिमे. तिची गोष्ट जपानमधल्या प्रत्येक मुलाला ठाऊक असते. उराशिमा नावाच्या कोळ्याने एका कासवाला वाचवलं. कासव त्याला समुद्राखालच्या राजवाड्यात घेऊन गेलं. तिथे गाणी, नाच, मेजवान्या. त्याला वाटलं, थोडेच दिवस झाले. घरी परतला तर वर तीनशे वर्षं उलटून गेलेली! ओळखीचं एकही माणूस उरलं नव्हतं.

आई-बाबांनो, ही गोष्ट मुलांसोबत जरूर वाचा. कारण फोनमधल्या बेटावर अगदी असंच होतं. मुलांना वाटतं दहाच मिनिटं झाली, आणि बाहेर अंधार पडलेला असतो. ओरडून उपयोग होत नाही, आम्ही शिक्षकांनी हे पाहिलं आहे. वेळेऐवजी डाव मोजा. दोन डाव झाले की फोन खाली, आणि 'काय पाहिलंस?' असं विचारा. सांगणाऱ्या मुलाचा खेळ तिथेच अभ्यास होतो. आणखी एक : या डूडल-खेळांना पैसे लागत नाहीत. पण 'फुकट खेळा' म्हणणारी दुसरी पानं जाहिराती दाखवतात, फोन नंबर मागतात. तिथे मुलांना एकटं सोडू नका.

मुलांनो, आता तुमच्यासाठी काम. जपानच्या लोकांनी आपल्या आजीच्या गोष्टींतले सात जण घेतले आणि त्यांचं बेट सगळ्या जगाला खेळायला दिलं. आपल्या गोष्टी काय कमी आहेत? एक मोठा कागद घ्या आणि 'आपलं बेट' काढा. आट्यापाट्यांचा चॅम्पियन कोण? विटीदांडूचा कोण? खो-खोचा कोण? वडावरचा मुंजा पळायला ठेवा, भोपळ्यातल्या म्हातारीला शर्यतीत उतरवा. प्रत्येक खेळाखाली जिंकायची एक युक्ती लिहा. पण अट एकच : ती युक्ती तुम्ही स्वतः मैदानात करून पाहिलेली हवी.

आमच्या गटाने असं बेट काढलं, तेव्हा बंदरावर कोण उभं होतं सांगा? चाकांचा लाकडी नंदी! बेटावर पाऊल ठेवणाऱ्या प्रत्येकाने आधी त्याला बोजारा द्यायचा, मगच खेळायला आत. ती कल्पना कोणाची, हे तुम्ही ओळखलं असेलच. सगळ्यात शेवटी नंबर यायचा ना, तिचीच!