सेल मारणे

बॅटरी एकाएकी जात नाही, हे आम्हांला ती गेल्यावर कळले. गेल्या चैत्रातला शुक्रवार, पहाटेचे पाच वाजून दहा मिनिटे. आई मागच्या सीटवर उशी मांडीवर घेऊन बसली होती. (एकाची आई, दुसरीची सासू, हाक दोघांचीही 'आई' हीच. येथे क्रियापद एकेरी घेतले आहे, एरवी आमच्यापैकी एक अहोजाहो करते.) किल्ली फिरवली आणि बॉनेटखालून टकटकटकटक असा आवाज आला. पुन्हा फिरवली, पुन्हा तेच, थोडे मंद. तिसऱ्या खेपेस तेही नाही.

एखाद्या दुसऱ्या दिवशी याला आम्ही फारसे महत्त्व दिले नसते. रिक्षा केली असती, तास चुकला असता, विद्यार्थ्यांना आनंद झाला असता. पण मिरजेला मशीन सहाला लावतात. सोमवार, बुधवार, शुक्रवार. दर खेपेस चार तास. त्याच खाटेवर आमच्यानंतर दुसरा पेशंट यायचा असतो. बुधवारनंतरचा शुक्रवार हुकला की थेट सोमवार, म्हणजे मध्ये पाच दिवस. आणि पाच दिवसांत शरीरातून न गेलेले पाणी कोठे कोठे साठते, हे आम्ही एकदा पाहिले आहे. त्यामुळे ती टकटक ऐकताना आमच्या तोंडचे पाणी पळाले असे म्हटले, तर तो नुसता वाक्प्रचार होणार नाही.

शेजारचे काका बनियनवरच बाहेर आले आणि काही न विचारता आपली गाडी काढून दारात लावली. सहाला पाच कमी असताना आई खाटेवर होती.

मशीन सुरू झाल्यावर करण्यासारखे काही नसते. डायलिसिस विभागाबाहेरच्या बाकावर बसणाऱ्यांची आपली एक दुनिया आहे; कोणी जप करते, कोणी पेपर तपासते (आम्ही), कोणी नुसते बसते. सात वाजता आम्ही मिस्त्रींना फोन लावला. गाडी सुरू होत नाही एवढेच सांगितले. ते म्हणाले, "सेल गेला आसंल." आणि समोर कोणी गिऱ्हाईक आले म्हणून फोन ठेवला.

सेल गेला, म्हणजे बॅटरीतला एखादा सेल निकामी झाला, असा आम्ही अर्थ घेतला. बॅटरीत सहा सेल असतात हे शाळेत शिकलो होतो. परतताना वाटेत नवी बॅटरी घेऊनच जावे, असेही ठरले. तासाभराने मिस्त्रींचाच फोन आला, तेव्हा उलगडा झाला, की त्यांच्या बोलीतला 'सेल' वेगळा. 'सेल्फ-स्टार्टर'मधला 'सेल्फ' गॅरेजमध्ये आला, त्याचा फ वापराने झिजून गेला आणि 'सेल मारणे', 'सेल घेत नाही' अशी अस्सल मराठी क्रियापदे त्याच्या अंगाला चिकटली. म्हणजे मिस्त्री म्हणत होते स्टार्टर गेला असेल आणि आम्ही ऐकत होतो बॅटरी गेली. श्लेष अलंकार आम्ही दरवर्षी शिकवतो. उदाहरणेही तीच ती, पिढ्यान्‌पिढ्यांची. हे उदाहरण फळ्यावर कधी लिहिले नव्हते.

मग त्यांनी नीट प्रश्न विचारले. "आवाज कसा आला? एकदाच 'टक्' का सारखं टकटक?" सारखे. "दिवं लागलं हुतं?" लागले होते, पण मंद. "सेल मारल्यावर दिवं बसलं का?" हे आम्ही पाहिले नव्हते. त्यांनी फोनवरच धडा दिला : हेडलाइट लावून सेल मारायचा. उजेड तसाच लख्ख राहिला आणि एकच टक् झाले, तर दोष स्टार्टरचा किंवा त्याच्या जोडणीचा. उजेड पार बसला आणि टकटक सुरू झाली, तर बॅटरीचा. दुपारी दारात हा प्रयोग केला. उजेड झेंडूसारखा पिवळा झाला आणि मिटला. म्हणजे मिस्त्रींच्या शब्दाचा आम्ही घेतलेला चुकीचा अर्थच बरोबर निघाला. समीक्षेत असे पुष्कळदा होते; असो.

तरीही मिस्त्री आल्याखेरीज बॅटरी घेऊ नका, असे त्यांनी बजावले होते आणि ते योग्यच होते. दोष अल्टरनेटरचा असला, म्हणजे इंजिन चालू असताना बॅटरी भरणारे यंत्रच बिघडलेले असले, तर नवी बॅटरीही चार दिवसांत उतरते. संध्याकाळी ते मीटर घेऊन आले. उभ्या गाडीत बॅटरीच्या दोन टोकांवर ११.८ व्होल्ट आले. भरलेल्या बॅटरीत ते १२.६ च्या आसपास असायला हवेत, एकेका सेलचे साधारण २.१. सेल मारताना काटा साडेसातपर्यंत कोसळला. मग काकांच्या गाडीवरून केबल लावून आमची सुरू केली आणि पुन्हा मोजले : १४.१. "अल्टरनेटर वाघ हाय," मिस्त्री म्हणाले. "ही मातूर म्हातारी झाली." बॅटरीवरच्या लेबलावरची तारीख त्यांनी अंगठ्याने पुसून दाखवली. पाच वर्षे उलटून गेली होती. आमच्याकडच्या उन्हात तीन ते पाच वर्षे म्हणजे पुरे आयुष्य.

आई ओट्यावर बसून हे सारे पाहत होती. "लेबल वाचायचं ना रे," एवढेच म्हणाली.

वाचायचे होते खरेच. त्या रात्री मागचे दिवस आठवत गेलो, तेव्हा खुणा किती ठिकाणी होत्या हे दिसू लागले. होळीपासूनच सकाळचा पहिला सेल जड जात होता, इंजिन 'हूं... हूं... हूं' करून मग उठत होते. आम्ही म्हणायचो, गाडी २०१४ची आहे, चालायचेच. एकदा खिडकीची काच वर जाताना मध्येच रेंगाळली. बॅटरीच्या एका टोकावर पांढरट-हिरवी पूड जमलेली आमच्यापैकी एकाने पाहिली होती आणि दुसरीला सांगायचे राहून गेले होते. शिवाय गाडीचा वापरही तसाच. सांगली ते मिरज नऊ-दहा किलोमीटर, तेही पहाटेच्या अंधारात दिवे आणि आईसाठी पंखा लावून. उरलेले दिवस गाडी उन्हात उभी. उभ्या गाडीतही घड्याळ, कुलूप यांना थोडी थोडी वीज लागतच असते. अर्धवट उतरलेली बॅटरी तशीच पडून राहिली की शिशाच्या पाट्यांवर सल्फेटचा थर धरतो आणि घट्ट होतो. मग कितीही भरा, तेवढा भाग कामातून गेला. उष्णतेने आतले पाणी उडते, जाळी गंजते. थंड देशांत बॅटऱ्या हिवाळ्यात मान टाकतात म्हणून थंडीला दोष देतात, पण खरे नुकसान बहुधा मागच्या उन्हाळ्याने केलेले असते.

दीडशेहून अधिक वर्षे ही वस्तू मुळात तीच आहे, याचे आम्हांला फार नवल वाटले. शिसे आणि गंधकाम्ल यांची पुन्हा पुन्हा भरता येणारी ही बॅटरी गास्ताँ प्लाँते या फ्रेंच माणसाने १८५९ मध्ये केली. मोटार तेव्हा जन्मायची होती. पुढे १९१२ मध्ये चार्ल्स केटरिंगच्या विजेच्या स्टार्टरसह कॅडिलॅक बाजारात आली, तोवर मोटारी हातानेच फिरवून सुरू करीत आणि उलट्या झटक्याने हात मोडत. आईला अॅम्बॅसेडरचे हँडल आठवते. "तुझे आजोबा हँडल मारायचे आणि आम्ही पोरं लांब उभी राहायचो," ती म्हणाली. किक मारतात, हँडल मारतात, सेल मारतात. सुरू करण्याला मराठीत 'मारणे' का म्हणावे, यावर जेवणाच्या वेळी थोडा वाद झाला. निकाल लागला नाही.

शनिवारी दुकानात गेलो. दारावर पाडव्याच्या 'सेल'चा फलक अजून लटकत होता (हा तिसरा). दुकानदाराने पहिला प्रश्न सांगलीकराला साजेसा विचारला : "गाडी २०१९ला पाण्यात होती का?" नव्हती. त्या ऑगस्टमध्ये पाणी गावभागात शिरण्याआधी आम्ही ती विश्रामबागेच्या पुढे एका मित्राच्या दारात नेऊन लावली होती. मग त्याने मॉडेल विचारले आणि फळीवरून तीन खोकी काढली. आमच्यासारख्या लहान पेट्रोल गाडीला ३५ अँपिअर-अवरची बॅटरी लागते. मोठी घेतली तर खाचेत बसत नाही. टोके डावी-उजवीकडे कोणत्या बाजूला आहेत तेही जुळावे लागते, नाही तर गाडीतली केबल पोहोचत नाही. जुन्या बॅटरीचा फोटो काढून नेला होता तो कामी आला. तयार झाल्याची तारीखही पाहा, असे मिस्त्रींनी बजावले होते, कारण फळीवर पडून राहिलेली बॅटरीही हळूहळू उतरत असते. एक खोके आठ महिन्यांचे निघाले. ते आम्ही बाजूला सारले. दुकानदाराला ते फारसे आवडले नाही.

उरली दोन. एकीची वॉरंटी दोन वर्षांची. दुसरीची चार वर्षांची, आणि तिची किंमत हजारभर रुपयांनी जास्त. चारातली पहिली दोन वर्षे फुकट बदलून मिळणार. पुढची दोन 'प्रो-रेटा', म्हणजे बॅटरी गेली तर जितके महिने उरले त्या मानाने नवीच्या किमतीत सूट. दुकानदाराने दोन्हींवर एकेक हात ठेवला आणि विचारले,

"सर, गाडी अजून किती वर्षं ठेवणार? दोन वर्षांत काढणार असाल तर ही घ्या. उगाच पैसे कशाला घालता? ठेवणार असाल तर ती."

प्रश्न अगदी व्यवहाराचा होता आणि तो तसाच विचारला गेला होता. पण उत्तर आमच्या तोंडून येईना. कॉलेज घरापासून चालत जाण्याच्या अंतरावर आहे. मुलगी पुण्यात शिकते. ही गाडी आमच्या घरात आता एकाच कामासाठी आहे, सोमवार-बुधवार-शुक्रवार. गाडी किती वर्षे लागणार, या प्रश्नाला आमच्याकडे दुसरा अर्थ नव्हता. दोन म्हणावे तर ते कोणत्या तोंडाने? चार म्हणावे तर डॉक्टरांनी जानेवारीत केबिनमध्ये, दार लोटून, जे सांगितले होते त्याचे काय? आम्ही एकमेकांकडे पाहिले नाही. तीस वर्षे शब्दांत घालवलेली दोन माणसे एका आकड्यापाशी अडली, आणि दुकानदार बिचारा आम्ही पैशांचा विचार करतो आहोत असे समजून म्हणाला, "जुनीचे पैसे वजा करतो की!"

जुनी परत घेणे २००१च्या नियमांनी त्याला कायद्यानेच आले होते. आता त्यांच्या जागी २०२२चे नियम आले आहेत. आतले शिसे वितळवून पुन्हा वापरतात. ती भंगारवाल्याला देऊ नये, कारण आम्ल कोठल्या गटारात ओतले जाते कोणास ठाऊक. हे सगळे आम्ही त्याच्याशी बोललो, जरुरीपेक्षा जास्तच बोललो. मग आमच्यापैकी एकाने चार वर्षांच्या खोक्यावर बोट ठेवले. कोणी ठेवले, यावर अजून एकमत नाही.

बसवण्याचे काम आम्हीच केले. मिस्त्री गावाला गेले होते आणि सोमवारपर्यंत थांबणे शक्य नव्हते. फोनवर त्यांनी क्रम सांगितला : "किल्ली काढून खिशात ठेवा. आधी अर्थ काढा, मंग प्लस. लावताना उलटं." अर्थ म्हणजे काळी, ऋण बाजूची वायर, ती गाडीच्या सांगाड्याला जोडलेली असते म्हणून 'अर्थ'. जन्मभर अर्थ काढत आलो, पण तो आधी का काढायचा ते प्रथमच समजले. आधी धन बाजू सोडवू लागलो आणि पाना चुकून पत्र्याला टेकला, तर सगळी बॅटरी त्या पान्यातून धावते, ठिणग्या उडतात. आणि बॅटरीतून हायड्रोजन निघत असतो. अर्थ सुटला की ते वर्तुळच तुटते. लावताना धन आधी, अर्थ शेवटी, त्याचेही कारण हेच.

दहाचा पाना काकांकडून आणला. जुनीच्या नटाला पुडीने घट्ट धरले होते. आईने स्वयंपाकघरातून खाण्याचा सोडा गरम पाण्यात कालवून दिला, तो ओतताच फेस आला आणि आतले शिसे स्वच्छ दिसू लागले. जुने दातघासणे वापरले. कापडाने कोरडे केले. नवी बॅटरी दिसते त्यापेक्षा जड, नऊ-दहा किलोंची. ती आडवी न करता दोघांनी धरून खाचेत उतरवली. वरची पट्टी आवळायला विसरलो होतो, ती आईने दाखवली : "हे काय मोकळंच आहे?" मोकळी बॅटरी खड्ड्यांत हादरून आतल्या पाट्या सुटतात. आमच्या रस्त्याला तर ही पट्टी हवीच. शेवटी टोकांवर आईच्याच डबीतले व्हॅसलीन लावले. चाळीस मिनिटे लागली. मिस्त्रींना दहा लागली असती.

आईने खोक्यातले वॉरंटी कार्ड चष्मा लावून वाचून काढले.

"किती वर्षांची?"

"चार."

"आणि हे प्रो-रेटा म्हणजे काय?"

आम्ही सांगितले. तिने कार्ड पुन्हा एकदा पाहिले. "म्हणजे माझं चाललंय तसं," असे म्हणून तिने ते फायलीत, आपल्या रिपोर्टांच्या मागच्या कप्प्यात ठेवून दिले. मग आत जाताना म्हणाली, "चार वर्षं पहाटे उठायचं कबूल करून आलात, बघा हं!"

सोमवारी पाच वाजून दहा मिनिटांनी किल्ली फिरवली. अर्ध्या सेलातच गाडी सुरू झाली; पलीकडे काकांच्या खिडकीत दिवा लागलेला होता, तो विझला. बॅटरी काढल्यामुळे डॅशबोर्डवरचे घड्याळ शून्यावर जाऊन भलतीच वेळ दाखवत होते. आई त्याच घड्याळावर पाहून मिरज आले का ते ठरवते. आम्ही म्हटले, लावतो नंतर. विश्रामबाग मागे पडले तरी ती दोन सीटांच्या मधून वाकून त्या आकड्यांकडे पाहत होती.

"आधी घड्याळ लावा," ती म्हणाली. गाडी बाजूला घेऊन लावले.