पहिला पंचनामा

संशयास्पद मृत्यूचा तपास न्यायालये कोणत्या कसोटीवर स्वतंत्र यंत्रणेकडे वर्ग करतात, हे सामान्य वाचकाला उमजेल अशा भाषेत लिहावे, असा आग्रह संपादकांनी धरला, तेव्हा गेली तीस वर्षे खंडपीठासमोर अशाच याचिका चालविणाऱ्या मला हे काम सुलभ वाटावयास हवे होते. परंतु लेखणी हाती घेताच प्रथम आठवली ती मराठवाड्यातील एका गावची विहीर आणि आपल्या मुलाच्या चपलांविषयी विचारणारी एक माउली.

तिचा मुलगा गावच्या मातबर शेतकऱ्याकडे सालगडी होता. दोन दिवस बेपत्ता असलेल्या त्या मुलाचे प्रेत मालकाच्या विहिरीत आढळले, पोलीस पाटलाने वर्दी दिली, ठाण्यात अकस्मात मृत्यूची नोंद झाली आणि घाईने उरकलेल्या पंचनाम्यात ‘पाय घसरून पाण्यात पडला असावा’ असे पंचांचे मत लिहिले गेले. त्या पंचनाम्यात मयताच्या सदऱ्याचा रंग आहे, कमरेच्या करदोट्याचाही उल्लेख आहे. पण पाय अनवाणी होते एवढे नोंदवून लेखणी थांबली आहे. चपला काठावर होत्या, पाण्यात होत्या की गोठ्यात, याविषयी एक अक्षर नाही. “साहेब, माझ्या लेकराच्या चपला कुठं गेल्या?” हा त्या निरक्षर बाईचा प्रश्न मी नंतर याचिकेत सोळा परिच्छेदांत मांडला, तरी तिच्याइतका नेमका मला तो मांडता आला नाही.

येथे थोडे कायद्यात शिरणे अपरिहार्य आहे. अकस्मात मृत्यूची चौकशी पूर्वी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम 174 खाली होई, 1 जुलै 2024 पासून ती भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 194 खाली होते. आणि तिची व्याप्ती मृत्यूचे दर्शनी कारण शोधण्यापुरतीच आहे. सुशांतसिंह राजपूत प्रकरणी 19 ऑगस्ट 2020 रोजी सर्वोच्च न्यायालयाने हाच भेद मानला: मुंबई पोलिसांची चौकशी या मर्यादित स्वरूपाची होती, गुन्हा पाटण्यात नोंदला गेला होता, म्हणून सीबीआयकडे गेलेला तपास वैध ठरला. वृत्तवाहिन्यांनी त्या निकालाचा जयपराजय केला; माझ्या दृष्टीने त्यातील खरी शिकवण अशी की चौकशी ही तपासाची केवळ देवडी आहे, आणि आपल्याकडे शेकडो मृत्यू त्या देवडीतच महिनोन्‌महिने बसवून ठेवले जातात. दखलपात्र गुन्हा उघड करणारी खबर मिळताच गुन्हा नोंदवणे बंधनकारक आहे, असे ललिता कुमारी खटल्यात पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने 2013 साली सांगितले. तरीही नातेवाइकांनी लेखी फिर्याद दिली की ‘चौकशी चालू आहे’ हे उत्तर मिळते आणि तोवर मुद्देमाल जप्त करण्याची घटका निघून जाते. या मुद्द्यावर मी अनेकदा आवाज चढवून बोललो आहे आणि त्याचा मला खेद नाही.

लोकांचा समज असा की सीबीआय म्हणजे एखादी सर्वज्ञ शक्ती. वस्तुतः 1 एप्रिल 1963 रोजी स्थापन झालेली ही संस्था तपासाचे अधिकार 1946 च्या दिल्ली विशेष पोलीस आस्थापना अधिनियमातून घेते, त्यातील कलम 6 प्रमाणे तिला राज्याची संमती लागते, आणि तिचे कितीतरी अधिकारी राज्यांच्या पोलीस दलांतूनच प्रतिनियुक्तीवर आलेले असतात. संमती नसतानाही उच्च न्यायालय तपास तिच्याकडे सोपवू शकते, हे 2010 साली पश्चिम बंगालच्या खटल्यात घटनापीठाने निश्चित केले. मात्र हा अधिकार क्वचित, सावधपणे आणि अपवादात्मक परिस्थितीतच वापरावा, केवळ पक्षकाराने स्थानिक पोलिसांवर आरोप केले म्हणून नव्हे, असेही त्याच निकालात बजावले आहे.

कोट्टायमच्या मठातील विहिरीत 27 मार्च 1992 रोजी सिस्टर अभया मृत आढळली. स्थानिक यंत्रणेने आत्महत्येचा निष्कर्ष काढला, 1993 मध्ये तपास सीबीआयकडे गेला, तिनेही तपास बंद करण्याची परवानगी मागितली असता न्यायालयाने ती वारंवार नाकारली, आणि दोषसिद्धीचा निकाल लागला तो डिसेंबर 2020 मध्ये. पुढे 2022 साली अपील प्रलंबित असताना शिक्षेला स्थगितीही मिळाली. न्यायालयांच्या चिकाटीचा मला अभिमान वाटतो; पण अठ्ठावीस वर्षांचा तो काळ मोजताना मन खचते.

आमच्या याचिकेला यश येण्यास तीन वर्षे लागली. हुकूम झाला त्या सायंकाळी मी पेढे आणवले होते. नवे तपास अधिकारी कर्तव्यदक्ष होते. त्यांच्यासोबत मीही त्या विहिरीवर गेलो, तेव्हा जुना दगडी काठ पाडून तिथे सिमेंटचे कडे बांधलेले दिसले. शवविच्छेदन करणाऱ्या डॉक्टरांनी हाडाचा नमुना राखून ठेवला नव्हता, त्यामुळे मुलगा जिवंतपणी पाण्यात पडला की मृतावस्थेत, हे पाण्यातील सूक्ष्म शैवालांवरून पडताळण्याचा मार्गही खुंटला होता. पंचांपैकी एक वारला होता, दुसऱ्याला काही आठवत नव्हते. अखेर अधिकाऱ्यांपुढे उरला तो पहिल्या अंमलदाराने लिहिलेला दीड पानांचा मजकूर, आणि त्यात जे नव्हते ते कोणत्याही न्यायालयाला त्यात भरता येणार नव्हते. निश्चित निष्कर्ष काढता येत नाही, असा अहवाल दाखल झाला.

ती माउली अजूनही वर्षातून एकदा येते, निकालाविषयी विचारत नाही, बाकावर थोडी बसते आणि जाते. आता एखाद्या घरी असा मृत्यू घडून रात्री-अपरात्री फोन आला, तर याचिकेची गोष्ट मी सकाळवर टाकतो आणि सांगतो: आधी पंचनाम्याच्या जागी जाऊन उभे राहा, वाचून दाखवल्याशिवाय सही करू नका, आणि चपला कुठे आहेत ते लिहून घ्यायला लावा.