लिस्बनमधील अडीच तास

लिस्बनला जावे की न जावे, यावर आमच्या घरात दोन वर्षे खल चालला होता. प्रश्न पैशांचा नव्हता. पुतण्या तेथे नोकरीस आहे आणि राहण्याजेवण्याची सोय त्याच्याकडेच व्हायची होती. प्रश्न अप्पांचा होता. अप्पा म्हणजे आम्हां उभयतांपैकी एकाचे वडील व दुसरीचे सासरे. फोंड्याजवळच्या एका खेड्यात ते मराठी शाळेचे मास्तर होते. घरात बोली कोकणी, वाचन-लेखन मराठी, अशी आमच्याकडच्या अनेक घरांसारखीच आमच्याही घराची रीत. १९५५ साली सत्याग्रहींना घरात आसरा दिल्याच्या आरोपावरून पोर्तुगीज पोलिसांनी अप्पांना धरले आणि चौदा महिने आग्वादच्या तुरुंगात ठेवले. पुढे त्याच अप्पांच्या जन्माच्या दाखल्यावर त्यांच्या नातवाने पोर्तुगीज पासपोर्ट मिळविला. १९ डिसेंबर १९६१ पूर्वी गोव्यात जन्मलेल्यांच्या मुलानातवंडांसाठी पोर्तुगालच्या कायद्यात जी सवलत होती, तिचा लाभ घेऊन. असे दाखले काढणारी घरे गोव्यात पुष्कळ आहेत. वाचकांच्याही परिचयात असतील. परंतु "अप्पा हे पाहायला राहिले नाहीत, बरे झाले," असे एक वाक्य आमच्याकडून फोनवर निघून गेले, आणि भावाभावांत जो अबोला धरला गेला, तो पुष्कळ दिवस सुटला नाही.

अखेर पोरानेच तो सोडविला. त्याने तिकिटे पाठविली, आणि ऑक्टोबरातल्या एका ढगाळ सकाळी आम्ही तिघे लिस्बनमधील कामोंइश चौकात, पिवळी छत्री उंच धरलेल्या एका तरुणीसमोर जाऊन उभे राहिलो. हिंडवीत हिंडवीत शहराचा इतिहास सांगणाऱ्या अशा सहली तेथे रोज निघतात. अडीच तास चालायचे, आणि शेवटी ज्याला जे योग्य वाटेल ते मार्गदर्शकाच्या हातावर ठेवायचे. आमची मार्गदर्शक इतिहासाची विद्यार्थिनी होती. घोळक्यात पंधरा-सोळा माणसे, बहुतेक युरोपातलीच. तिने आरंभीच बजावले, की येथील पदपथ चुनखडीच्या लहान लहान चौकोनी दगडांचे असून पावसात अतिशय निसरडे होतात. तेव्हा वर पाहावेसे वाटले तर आधी थांबा. हा उपदेश आम्ही पुढे जाणाऱ्यांसाठी जसाच्या तसा येथे नोंदवून ठेवतो.

चौकाच्या मधोमध उभा असलेला महाकवी कामोंइश आम्हांला अगदीच परका नव्हता. एका डोळ्याचा हा कवी सोळाव्या शतकात काही वर्षे गोव्यात राहिला, आणि त्याचा एक पुतळा जुन्या गोव्याच्या संग्रहालयात आजही आहे. वास्को द गामाच्या सफरीवर त्याने रचलेले महाकाव्य १५७२ मध्ये प्रसिद्ध झाले. मार्गदर्शक बाईंनी त्या काळाचा उल्लेख 'शोधांचे युग' असा केला. आमचे पूर्वज त्याआधी कोठे हरवले होते, अशी आमची तरी समजूत नव्हती; पण पाहुण्याने पहिल्याच चौकात वाद घालू नये, म्हणून गप्प राहिलो. पुतण्याने मात्र आमच्याकडे पाहून हळूच हसून घेतले.

तेथून थोड्या अंतरावर कार्मूचा मठ. १३८९ साली पाया घातलेल्या या मठाच्या चर्चला छप्पर नाही. दगडी कमानी तेवढ्या एकामागून एक उभ्या आहेत, आणि त्यांच्यामधून आकाश दिसते. १ नोव्हेंबर १७५५ रोजी, सर्व संतांच्या सणाच्या सकाळी, लोक प्रार्थनेस जमले असताना भूकंप झाला. मागोमाग नदीच्या मुखातून समुद्र आत शिरला, आणि घरोघरी पेटलेल्या मेणबत्त्यांनी व चुलींनी लागलेली आग कित्येक दिवस विझली नाही. कमानी पुन्हा झाकायच्या नाहीत, असे नंतर ठरले. मोडलेले मोडलेलेच ठेवण्याचा हा विचार आम्हांला आवडला.

परंतु त्या चौकात आम्ही खरे रेंगाळलो ते दुसऱ्याच कारणाने. मठाला लागून सशस्त्र पोलीस दलाची कचेरी आहे. २५ एप्रिल १९७४ रोजी हुकूमशहा सालाझारचा वारस, पंतप्रधान मार्सेलो कायतानू, येथे दडून बसला होता आणि बाहेर बंडखोर सैन्याच्या चिलखती गाड्या उभ्या होत्या. त्यांचा नायक कॅप्टन सालगेरू माया अवघा एकोणतीस वर्षांचा. मध्यरात्रीनंतर रेडिओवर ठरलेले गाणे वाजले की निघायचे, असा संकेत होता. लोकांनी घरात बसावे, असे रेडिओवरून सांगितले जात असतानाही लोक रस्त्यावर आले, आणि कोणी तरी शिपायांच्या बंदुकींच्या नळ्यांत तांबडी कार्नेशनची फुले खोवली. संध्याकाळी कायतानूने सत्ता सोडली. त्या दिवशी मरण पावलेल्या माणसांपैकी चौघे येथून जवळच गुप्त पोलिसांच्या कचेरीतून झालेल्या गोळीबाराला बळी पडले. त्याच गुप्त पोलिसांचे नाव आमच्या लहानपणी गोव्यात मोठ्याने घेत नसत.

हे बंड का झाले, हे सांगताना तिने आफ्रिकेतील युद्धांची नावे घेतली. अंगोला १९६१ पासून, गिनी १९६३ पासून, मोझांबिक १९६४ पासून. तेरा वर्षे लढून तरुण अधिकारी विटले होते. गोव्याचे नाव मात्र तिने घेतले नाही. आमच्याने राहवले नाही. घोळका पुढे निघाल्यावर आम्ही तिला गाठून विचारले, की आफ्रिकेच्या आधी पोर्तुगालने काय गमावले, हे तुमच्या शाळेत शिकवतात काय?

"तुम्ही गोव्याचे?" तिने थबकून विचारले. "गोव्यात कोठले?"

पणजी, मडगाव एवढेच तिला ठाऊक असणार, म्हणून आम्ही मोघम सांगितले, की आत, डोंगराकडे, फोंडा म्हणून एक गाव आहे.

"पोंडा!" ती म्हणाली, आणि छत्री खाली आली.

तिचे आजोबा १९६१ साली गोव्यात शिपाई होते. अखेरच्या माणसापर्यंत लढा, असा सालाझारचा हुकूम होता. तो गव्हर्नर जनरल वासालू इ सिल्वाने मानला नाही आणि शरणागती पत्करली. तीन हजारांहून अधिक पोर्तुगीज सैनिक युद्धकैदी झाले, आणि त्यांच्या छावण्यांपैकी एक आमच्या फोंड्यात होती. सालाझारला ही माणसे परत नेण्याची घाई नव्हती. ती १९६२ च्या मे महिन्यात मायदेशी पोचली, तेव्हा बंदरावर त्यांना लष्करी पोलिसांच्या पहाऱ्यात, गुन्हेगारांसारखे उतरवून घेण्यात आले. आजोबा त्याविषयी घरात कधी बोलले नाहीत. 'पोंडा' हा शब्द तेवढा तिने आजीच्या तोंडून ऐकला होता.

आम्हांला ती छावणी ठाऊक होती. अप्पा सांगत, की तारेपलीकडे बसलेली ती पोरे आपल्या विद्यार्थ्यांच्या थोरल्या भावांच्या वयाची दिसत, आणि त्यांतला एक जण येणाऱ्याजाणाऱ्याकडे विडीसाठी हात पसरी. अप्पांनी त्याला विडी दिली की नाही, हे त्यांनी सांगितल्याचे आठवत नाही. आम्ही तिला एवढेच सांगितले, की आमच्या वडिलांनी त्यांना पाहिले होते. ती काही क्षण बोलली नाही. मग घोळका फार पुढे गेला म्हणून तिघांनाही घाईने पायऱ्या उतराव्या लागल्या.

खाली रोसियूचा प्रशस्त चौक. त्याची जमीन काळ्यापांढऱ्या दगडांच्या लाटांची आहे. टक लावून पाहिले तर भोवळ यावी. उत्तरेकडील देखण्या नाट्यगृहाच्या जागी पूर्वी इन्क्विझिशनचे, म्हणजे धर्मन्यायसभेचे, कार्यालय होते. तिचीच शाखा गोव्यात १५६० मध्ये स्थापन झाली. शेजारी सांतू दुमिंगूश चर्चपुढे एक साधा गोल दगड आहे, ज्यावर ज्यूंचा तारा कोरलेला आहे. एप्रिल १५०६ मध्ये याच परिसरात, सक्तीने ख्रिस्ती केलेल्या ज्यूंची दंगलखोरांनी कत्तल केली. त्याचे हे स्मारक २००८ साली उभारले. पाचशे वर्षे लागली, पण दगड उभा राहिला. १९५९ च्या आगीत होरपळलेले खांब चर्चने आत तसेच ठेवले आहेत. चर्चबाहेर आफ्रिकी स्त्रिया शेंगा विकत बसल्या होत्या आणि कोपऱ्यावरच्या दुकानात आंबट चेरीची गोडसर दारू इवल्या पेल्यांतून खपत होती. आम्ही शेंगांवर समाधान मानले.

पुढचा सारा भाग, बायशा, हा भूकंपानंतर मार्केश द पोंबालने नव्याने आखलेला. सरळ रस्ते, सारख्या उंचीच्या इमारती, आणि भिंतींच्या आत भूकंपात लवचीक राहावा असा लाकडी सांगाडा, ज्याला ते 'पिंजरा' म्हणतात. नमुन्याच्या सांगाड्याभोवती सैनिकांना दणदण पाय आपटीत चालवून तो टिकतो का, हे पाहिले होते म्हणे. सोनारांचा रस्ता, चांदीचा रस्ता, चांभारांचा रस्ता, अशी नावे आहेत. आपल्याकडच्या आळ्यांचीच आठवण यावी. याच पोंबालने १७७४ मध्ये गोव्यातील धर्मन्यायसभा बंद केली. तो पदावरून गेल्यावर १७७८ मध्ये ती पुन्हा सुरू झाली आणि कायमची संपली ती १८१२ मध्ये. अशा माणसाला कोणत्या रकान्यात घालावे, हे आम्हांला ठरविता आले नाही. पुतण्या म्हणाला, "काकू, सगळ्यांना रकाना लागतोच का?" बोलणे पोंबालविषयीच होते, असे आम्ही धरून चाललो.

वाटेत त्याने काकूला एक गंमत दाखविली. दुकानांच्या पाट्यांवर आणि भाजीवाल्याच्या फळ्यावर आमचेच शब्द होते. बटाटा, अननस, पाव, चावी, बादली. 'पगार' हा शब्द त्यांच्याकडे पैसे चुकते करण्याला आहे. महिनाअखेरीस आम्ही ज्याची वाट पाहतो तो शब्दही लिस्बनहून आलेला, हे ऐकून काकू मोठ्याने हसल्या.

सहल नदीकाठच्या भव्य चौकात संपली. एका बाजूस पिवळ्या इमारतींनी न झाकलेली ताज नदी, मध्ये घोड्यावर बसलेला राजा जुझे, आणि त्याच्या चौथऱ्यावर, होय, हत्ती. भूकंपापूर्वी येथे राजवाडा होता, आणि त्यालगत 'काझा द इंडिया', जेथे आपल्या किनाऱ्यावरून गेलेल्या मिऱ्याचा हिशोब लागत असे. १५१० मध्ये गोवा घेणाऱ्यांची जहाजे याच नदीतून निघाली. आमचा फोंडा महाल नव्या काबिजादींतला. तो त्यांच्या हाती १७६३ मध्ये आला, भूकंपानंतर आठ वर्षांनी.

निरोप घेताना त्या मुलीने पैसे घेण्यास नकार दिला. आम्ही आग्रह धरला, तेव्हा घेतले. मोहन रानडे यांचे नाव तिने ऐकले नव्हते. १९५५ मध्ये पकडलेल्या या मूळच्या सांगलीच्या शिक्षकाला सव्वीस वर्षांची शिक्षा झाली होती. गोवा मुक्त झाल्यानंतरही सात वर्षे ते लिस्बनजवळच्या काशियशच्या तुरुंगात होते आणि १९६९ साली सुटले. तिने नाव वहीत लिहून घेतले, शुद्धलेखन आमच्याकडून तपासून. मग, तुरुंगच पाहायचा असेल तर कॅथीड्रलजवळचा अल्जूब पाहा, असे सांगून ती वळली.

अल्जूब हा सालाझारच्या काळचा राजबंद्यांचा तुरुंग. २०१५ पासून तेथे संग्रहालय आहे. चढण दमछाक करणारी. आत, जेमतेम एक माणूस आडवा होईल अशा कोठड्या पुन्हा बांधून दाखविल्या आहेत. पुतण्या एकीत जाऊन उभा राहिला. बाहेर आल्यावर त्याने विचारले, "अप्पा आग्वादला कसल्या कोठडीत होते?"

आम्हांला सांगता येईना. चौदा महिने हा आकडा पाठ होता. कोठडी कशी, सोबत कोण, खायला काय, हे आम्ही कधी विचारलेच नव्हते. आग्वादच्या तुरुंगाचेही २०२१ मध्ये संग्रहालय झाले. आमच्या घरापासून ते तास-दीड तासाच्या वाटेवर आहे आणि आम्ही एकदाही गेलेलो नाही. हे ऐकून पोरगा काही बोलला नाही. रात्री त्याने आपल्या वडिलांना फोन लावला आणि आमच्या हाती दिला. डिसेंबरात तो महिनाभर येणार आहे. पहिल्याच रविवारी चौघांनी आग्वादला जायचे, भावाने गाडी आणायची, असे ठरले आहे.