नावातली नागमोडी रेघ

आम्ही पेशाने कारकून. रजिस्टरात रोज नावे लिहितो. नाव ही माणसाची पहिली मिळकत, हे या कामानेच आम्हाला शिकवले. म्हणून फ्रान्समधील ब्रिटनी प्रांतातल्या एका नावाची हकीकत वाचकांपुढे ठेवतो.

ते नाव फाँश. ब्रेटन ही तिथली वेगळी भाषा, आणि फ्रेंच 'फ्रान्स्वा'चे हे ब्रेटन रूप. ते प्रसिद्ध झाले असिसीच्या संत फ्रान्सिसमुळे. त्याचा अर्थच 'फ्रेंच माणूस'! लिहिताना यातल्या 'न'वर नागमोडी रेघ येते. आपण चंद्रबिंदूने नाकातला उच्चार दाखवतो, तेच काम ती करते.

१८०३ च्या कायद्याने फ्रान्समध्ये नावांवर बंधने होती. ब्रेटन नावांसाठी आईबापांना झगडावे लागे. १९९३ साली मोकळीक मिळाली. पण २०१४ च्या सरकारी परिपत्रकात मंजूर खुणांमध्ये ही रेघ नव्हती. २०१७ साली जन्मलेल्या एका फाँशच्या नावातून ती काढा, असा निकाल कँपेरच्या न्यायालयाने दिला. कारण काय, तर देशाची एकी आणि समानता!

आईबाप अपिलात गेले. २०१८ साली रेनच्या न्यायालयाने रेघ कायम केली. २०१९ साली सर्वोच्च न्यायालयाने सरकारी वकिलाचे अपील फेटाळले.

'फ्रेंच माणूस' अशा अर्थाच्या नावाने फ्रान्सची एकी कशी मोडेल? ज्याचे नाव त्याच्या भाषेत जसे आहे तसे दप्तरात उतरावे, ही आमच्या मते खरी समानता. त्या आईबापांनी एवढीशी रेघ सोडली नाही, म्हणून ती टिकली.