जाड बिडावरचा भात

रॉकी आओकी मूळचा पैलवान, एवढं सांगितलं की बेळगावात पुढची गोष्ट ऐकायला माणसं आपोआप टेकतात. टोकियोत जन्मलेला हा हिरोआकी आओकी कुस्तीच्या जोरावर अमेरिकेत शिकायला गेला. हार्लेममध्ये आइसक्रीमची गाडी फिरवून त्यानं पैसे साठवले आणि १९६४ साली न्यूयॉर्कच्या वेस्ट ५६व्या रस्त्यावर चार टेबलांचं ‘बेनिहाना’ उघडलं. टेबल म्हणजे मधोमध लोखंडी प्लेट, तीन बाजूंना गिऱ्हाईक आणि चौथ्या बाजूला उलथणी नाचवणारा आचारी. प्लेटवर भाजून समोरच वाढायची कल्पना त्याची नव्हे. कोबे शहरातलं ‘मिसोनो’ १९४५ पासून तेच करत होतं. आओकीनं तिला आखाडा दिला. तरी सुरुवातीला कुणी फिरकेना. ‘न्यूयॉर्क हेरल्ड ट्रिब्यून’मध्ये क्लेमंटाइन पॅडलफर्ड या बाईंनी कौतुक लिहिलं आणि मग गर्दी आवरेना.

निपाणीच्या माझ्या बहिणीचा मुलगा नॉर्थ कॅरोलिनात असतो. तिकडं असल्या हॉटेलांचा सुकाळ आहे. भाच्यानं एकदा नेलं. आचाऱ्यानं कांद्याच्या चकत्यांचा मनोरा रचून त्यातून जाळ काढला, अंडं उडवून टोपीत झेललं, मंडळींनी टाळ्या वाजवल्या. मी वाकून प्लेटची जाडी बघत होतो. उभी हयात बेळगावच्या उद्यमबागेतल्या फाउंड्रीत गेलेला माणूस दुसरं काय बघणार? मग भात आला. चिकनचे बारीक तुकडे, अंडं, गाजर, वाटाणा, लोण्यातला लसूण. तिखटाचा पत्ता नाही. दाणा एकेक सुटा, पण मऊ, आणि मधूनच एखादा भाजून कुरकुरीत झालेला. तो कुरकुरीत दाणा माझ्या डोक्यातून गेला नाही.

आपल्याकडं फ्राइड राइस म्हणजे चायनीजची गाडी. तिची भट्टी गुरगुरते, कढईच्या कडेनं जाळ वर चढतो, भात हवेत उडतो. तिथं सगळा जोर जाळाचा. घरच्या शेगडीवर तो जाळ मिळत नाही, म्हणून घरचा फ्राइड राइस गिचका होतो, आणि आपण दोष सॉसला देतो. या जपानी हॉटेलातल्या भाताचं बरं आहे. त्याला जाळ लागतच नाही, उष्णता आधीच लोखंडात साठवून ठेवलेली असते. म्हणजे घरी जमण्यासारखा हाच प्रकार. फक्त लोखंड पुरेसं पाहिजे.

पुरेसं म्हणजे किती, याचा हिशोब मी वहीच्या पाठपानावर मांडला. फ्रीजमधला अर्धा किलो भात ऐंशी अंशांपर्यंत तापवायला साधारण ११५ किलोज्यूल लागतात. त्याच्या अंगावरचं थोडं पाणी उडवायचं तर आणखी साठ-सत्तर. सव्वा किलोचा घरचा तवा २२० अंशांवरून १७० वर उतरला, तर त्यातून मिळतात जेमतेम २९. खालची शेगडी देत असते, पण मोठा बर्नरही सेकंदाला एक किलोज्यूलच्या आसपासच. तोवर भात पाणी सोडून स्वतःच्याच वाफेत शिजायला लागतो. ४५ बाय ३५ सेंटिमीटरची, १२ मिलिमीटर जाडीची बिडाची प्लेट साडेतेरा किलोच्या घरात जाते. ती पन्नास अंश उतरली तर तीनशेच्या वर देते. भात पडला तरी तिचा चर्र आवाज बसत नाही. बाकी सगळी कृती या एका आकड्याच्या आधारावर चालते.

म्हणून तशी प्लेट मी ओतून घेतली. सपाट प्लेट ओतणं लोकांना सोपं वाटतं. फाउंड्रीवाल्याला विचारा. बीड थिजताना, गार होताना शेकडा एकच्या आसपास आकसतं, म्हणून पॅटर्न तेवढा मोठा धरावा लागतो. आणि पातळ, रुंद कास्टिंगला वाकायची खोड असते. घाईनं मोल्ड फोडला की कडा आधी गार होतात, मधला भाग मागाहून, आणि प्लेट पोट काढते. खाली रिब दिल्या असत्या तर वाकली नसती, पण मग ती शेगडीवर बसली नसती. तेव्हा मोल्ड रात्रभर तसाच ठेवायचा, वाळूतच प्लेट निवू द्यायची. तीन बाजूंना बोटभर उंचीची कड ठेवली, पुढची बाजू उलथण्यासाठी मोकळी. वरून ग्राइंडिंग केलं, पण आरशासारखं नाही. फार गुळगुळीत अंगावर तेल टिकत नाही. पहिले काही दिवस तिला पातळ तेल चोळून तापवायचं, गार करायचं, पुन्हा चोळायचं. तेलाचा कडक काळा थर चढला की अंडंही चिकटत नाही.

ज्यांची फाउंड्रीत ओळख नाही, त्यांनी फॅब्रिकेशनवाल्याकडून दहा-बारा मिलिमीटरची एमएस (माइल्ड स्टील) प्लेट कापून घ्यावी. जपानी हॉटेलांतली प्लेटही पोलादीच असते. भंगारातली रंगवलेली किंवा जस्त चढवलेली मात्र नको, फार तापली तर जस्ताचा धूर होतो. आणि काचेच्या शेगडीवर हे ओझं ठेवू नये. साधी स्टीलची दोन बर्नरची शेगडी घ्यावी, प्लेट बटणांवर आणि गॅसच्या नळीकडं येणार नाही अशी ठेवावी. हॉटेलातले आचारी तापल्या पोलादावर पाणी ओतून प्लेट खरवडतात. ते बघून बिडावर तसं करायला गेलात तर प्लेट तडकेल.

आता तांदूळ. फ्राइड राइस म्हटलं की आमच्याकडं कोणीही लांब दाण्याचा बासमती आणायला धावतो. तो बिर्याणीचा तांदूळ. भाचा तिकडं कॅलरोज आणतो. १९४८ साली कॅलिफोर्नियात आलेला मध्यम दाण्याचा, शिजल्यावर किंचित चिकट वाण. जपानी भाताची जातकुळी तीच, आणि तिला जवळचा दाणा आपल्या डब्यात आधीच आहे: इंद्रायणी. आंबेमोहोर १५७ आणि आयआर-८ यांच्या संकरातून वडगाव मावळच्या संशोधन केंद्रात तयार झालेला. लोक म्हणतात तो चिकटतो. चिकटतो तो नवा आणि जास्त पाण्यात शिजवलेला. सुगी होऊन वर्ष उलटलेला जुना तांदूळ घ्या, चार पाण्यांतून धुवा, अर्धा तास भिजवून निथळा आणि एका वाटीला सव्वा वाटीच पाणी घाला.

राहिला आमचा बेळगाव बासमती. वडगाव, शहापूर, येळ्ळूरच्या शिवारातला तो वासाचा तांदूळ शिजला की शेजाऱ्याला कळतं. हलगा-मच्छे बायपासला शेतकऱ्यांनी एवढा विरोध केला तो असल्याच पिकाऊ जमिनीसाठी. असा तांदूळ लसूण आणि सोयाखाली पुरायचा नसतो. त्याच्यावर साधं वरण आणि तूप, बस्स.

भात आदल्या दिवशी शिजवायचा, हे सगळेच सांगतात. रात्रभर गार राहिला की दाण्यातला स्टार्च घट्ट होतो आणि वरचं अंग कोरडं पडतं. पण ‘शिळा भात’ म्हणजे ओट्यावर झाकून ठेवलेला भात नव्हे. तांदळात बॅसिलस सेरेअस नावाच्या जंतूचे बीजाणू असतात, ते शिजवण्यातही टिकतात. कोमट भातात ते वाढतात आणि त्यांनी सोडलेलं उलट्यांचं विष नंतर कितीही परतलं तरी जात नाही. म्हणून भात परातीत पसरायचा, पंख्याखाली निववायचा आणि तासाभरात फ्रीजमध्ये टाकायचा. सकाळी वरचं झाकण काढून ठेवलं तर फ्रीजची कोरडी हवा उरलेलं काम करते.

झाला की नाही ते हातानं कळतं. फाउंड्रीत मोल्डिंगची वाळू मुठीत दाबून बघतात. बोटांचे ठसे उमटले पाहिजेत आणि गोळा मोडला तर स्वच्छ दोन तुकडे झाले पाहिजेत. भाताचं नेमकं उलटं: मूठ उघडली की तो पसरला पाहिजे. निपाणीचे दाजी जन्मभर तंबाखूच्या वखारीत. पान दोन बोटांत चुरगाळून त्यातली ओल ओळखणारा माणूस. ते आले की भाताची मूठ त्यांच्या हाती देतो. “अजून अर्धा तास उघडा ठेवा,” म्हणाले की ठेवायचा. आमच्या मॉइश्चर मीटरवर मी इतक्या बिनशर्त कधी विश्वास टाकलेला नाही.

चार माणसांना तीनशे ग्रॅम तांदूळ पुरतो, पण प्लेटवर एका वेळी निम्माच. चिकन तंगडीचं, हाडं काढलेलं. बेळगावात रस्स्यासाठी हाडासकट तोडून देतात, तेव्हा आधी सांगावं लागतं. छातीचं मांस एवढ्या तापलेल्या लोखंडावर चटकन वाळतं. अर्ध्या इंचाचे तुकडे फडक्यानं कोरडे करून मीठ-मिरपूड लावायची. प्लेट वीस-पंचवीस मिनिटं तापू द्यायची. पाण्याचा थेंब टाकला तर तो न बसता गोळी होऊन पळाला पाहिजे. माझ्याकडं कारखान्यातली इन्फ्रारेड गन आहे, मी २२० बघतो. एक ध्यानात ठेवावं, चकचकीत लोखंडावर ही गन कमी तापमान दाखवते. काळ्या, मुरलेल्या अंगावर खरं सांगते.

शेंगतेलाचा हात फिरवून चिकन एका बाजूला पसरायचं आणि दोन मिनिटं हात मागं बांधून उभं राहायचं. सतत हलवलं तर रंग येत नाही, नुसतं पाणी सुटतं. मग उलटून आणखी थोडा वेळ, आतून कच्चं राहता कामा नये. ते कडेला सारून कांदा, गाजर, वाटाणा. मोकळ्या जागेत तीन अंडी फोडायची, पसरू द्यायची आणि थरथरतात तोवरच उलथण्यानं कापायची. आता भात. ढिगानं नव्हे, पूर्ण प्लेटभर, एका दाण्याच्या नाही तरी दोन-तीन दाण्यांच्या थरात. पुन्हा थांबायचं. खालून तडतड ऐकू आली की खरवडून उलटा करायचा. कॅरोलिनातला तो कुरकुरीत दाणा इथं जन्मतो, या थांबण्यात.

लोणी शेवटी. त्यात साधारण सोळा टक्के पाणी आणि थोडा दुधाचा अंश असतो. तो २२० अंशांवर क्षणात जळून कडवट होतो. पाच-सहा पाकळ्या लसूण ठेचून पन्नास ग्रॅम लोण्यात कालवून ठेवतो आणि शेगडी बारीक केल्यावर भाताच्या वर घालतो, म्हणजे लोखंडाला थेट लागत नाही. लोणी कुठलं? आमच्या घरी कर्नाटकचं ‘नंदिनी’, बहिणीकडं निपाणीत महाराष्ट्राचं ‘गोकुळ’ही येतं. सीमाभागातल्या या एका वादात मी दोन्ही बाजूंनी खातो.

सोया सॉस मात्र भातावर नाही, प्लेटच्या मोकळ्या कोपऱ्यावर ओतायचा. दोन-अडीच चमचे. तिथं तो फसफसतो, आटतो, करपण्याच्या अलीकडं येतो, तेव्हा भात त्यावर ओढायचा. गाडीवरचा काळाभोर सॉस रंगापुरता असतो. बाटलीवर सोयाबीन, गहू, पाणी, मीठ एवढंच लिहिलंय असा आंबवलेला बघून घ्यावा. जपानी हॉटेलांत वरून तिळाचं तेल घालतात, पण ते भाजलेल्या तिळांचं. आपल्या घाण्यावरचं तेल कच्च्या तिळांचं, त्याला तो वास नाही. मी चमचाभर तीळ प्लेटच्या थंडावत्या कडेवर भाजून जाडसर कुटतो. जवळपास तेच होतं.

भाचा म्हणतो, यासोबत ‘यम यम’ सॉस पाहिजे. तो अंड्याच्या मेयोनेजचा गुलाबी प्रकार, खास अमेरिकन. इतक्या मेहनतीनं कोरडा केलेला भात पुन्हा ओला करायचा, हे मला पटत नाही. मी वाढत नाही.

आमच्या घरी प्रश्न वेगळाच येतो. पहिला घास खाल्ला की बायको म्हणते, “ओ, एवढं अळणी कोण खाणार? मी चटणी आणतो थांबा.” आणि फ्रीजमधून शेंगदाण्याची, लसणीची तिखट चटणी येते. दाजी घेतात, मुलं घेतात. मी पहिला वाढा तसाच खातो आणि दुसऱ्या वाढ्याला बरणी पुढं ओढतो. तोवर प्लेट दीडशेच्या खाली आलेली असते. खरवडायची, कोमट फडक्यानं पुसायची आणि गरम आहे तोवर तेल लावून ठेवायची. उचलायला दोन माणसं लागतात.