वळीवड्याचा कॅम्प

मालवणहून पहाटे निघालो. कसाल, कणकवली मागे टाकून फोंडाघाट चढलो, की दाजीपूरच्या रानात अंगावरची दमट हवा उतरते. पुढे राधानगरी, मग उसाची शेतं. कोल्हापुरात अंबाबाईचं दर्शन घेतलं आणि शहराच्या पूर्वेला वळीवड्याकडे वळलो. या गावासाठीच तर घाट चढलो होतो.

१९४३ ते १९४८ या काळात इथे सुमारे ५,००० पोलिश निर्वासित राहत होते. त्यात बायका, मुलं आणि म्हाताऱ्यांचा भरणा. कर्ते पुरुष बहुतेक सैन्यात. यांतली पुष्कळ कुटुंबं ल्विव, तेर्नोपिल, व्होलिन या भागांतली. तेव्हा तो पूर्व पोलंड होता, आज पश्चिम युक्रेन आहे. सप्टेंबर १९३९ मध्ये सोव्हिएत फौजा तिथे शिरल्या. १० फेब्रुवारी १९४० पासून शेतकरी कुटुंबांना मालगाड्यांत कोंबून सायबेरियाकडे आणि उत्तरेच्या जंगलांत लाकूडतोडीला धाडलं. १९४१ मध्ये हिटलर रशियावर चालून गेला, तेव्हा त्यांची सुटका झाली. मध्य आशिया, इराण, कराची असं करत, वाटेत माणसं गमावत, उरलेली इथे पोचली.

कोल्हापूर संस्थानात त्यांच्यासाठी कौलारू बराकींच्या रांगा उभ्या राहिल्या. शाळा, चर्च, दवाखाना, नाटकं, स्काउटची पथकं असं अख्खं पोलिश गाव वसलं. जामनगरजवळच्या बालाचडीत तिथले राजे जामसाहेब यांनी सांभाळलेली पोलिश मुलंही १९४६ मध्ये इथेच आली. मला त्या शाळांचं फार अप्रूप वाटतं. दोन वर्षं भुकेत काढलेल्या आयांनी पोरांचं शिक्षण आधी मार्गी लावलं.

आमच्याकडचा चाकरमानी मुंबईत कितीही वर्षं काढो, चतुर्थीला कुलूप काढायला त्याचं घर उभं असतं. या पोलिश लोकांची मात्र युद्ध संपल्यावरच सर्वांत मोठी अडचण झाली. १९४५ मध्ये सीमाच पश्चिमेला सरकली आणि त्यांची गावं सोव्हिएत युक्रेनमध्ये गेली. काही जण नव्या पोलंडला परतले. बरेच ब्रिटन, ऑस्ट्रेलिया, कॅनडा, अमेरिकेला पांगले. काही इथल्याच दफनभूमीत राहिले.

त्यांच्या रिकाम्या बराकींत लगेच सिंधी निर्वासित आले. त्यांचंही घर नव्या सीमेपलीकडे गेलेलं. त्याच वस्तीचं आज गांधीनगर झालंय, कापडाची मोठी पेठ. मुख्य रस्त्यावर गाठोडी उतरवणारे टेम्पो, गिऱ्हाइकांची गर्दी. पाच वर्षांच्या त्या गावाची खूण शोधूनच काढावी लागते. एका दुकानदारकाकांना विचारलं, तर ते म्हणाले, "पोलंडवाले आमच्या आधीचे. आमचे वडील त्यांच्याच खोलीत उतरले होते."

कोल्हापुरात महावीर उद्यानात या पोलिश निर्वासितांचा स्मृतिस्तंभ आहे, आणि वॉर्सातही कोल्हापूरच्या नावाचं स्मारक उभं आहे. मालवणी माणसाने कोल्हापूरला आलं की थोडी वाट वाकडी करून वळीवडं बघावं. २०२२ मध्ये रशियाने युक्रेनवर हल्ला केल्यावर ल्विवच्या स्थानकावर पुन्हा बायकामुलं गाठोडी घेऊन पश्चिमेच्या गाड्यांची वाट बघताना जगाने पाहिली. त्यांना कोणत्या वळीवड्याने आत घेतलं, हेही मग विचारावंसं वाटतं.